साक्षीदार नसलेला खटला

कायद्याची पदवी घेतलेल्या, पण वकिलीचा काळा डगला कधी अंगावर न चढवलेल्या एका बाईंना १९४६ च्या अखेरीस ठाणे जिल्ह्याच्या हद्दीबाहेर काढण्यात आले. त्यासाठी त्यांच्यावर खटला भरावा लागला नाही. आरोपपत्र ठेवले गेले नाही, कोणी साक्षीदार पिंजऱ्यात येऊन उभा राहिला नाही आणि त्यामुळे त्याला प्रश्न विचारण्याचाही प्रसंग आला नाही. प्रशासनाचा एक हुकूम पुरेसा ठरला. या बाई म्हणजे गोदावरी परुळेकर. तलासरी, डहाणू, पालघर, जव्हारच्या पाड्यांवर आजही त्यांना गोदूताई म्हणूनच ओळखले जाते.

गोदूताईंचे चरित्र सांगताना वारली उठावाची कथा सांगितली जाते आणि ते योग्यच आहे. पण त्यांच्या आयुष्याला दुसराही एक धागा आहे, त्याकडे फारसे कोणी पाहत नाही. आपल्यावर कोण काय आरोप करतो हे ऐकण्याचा आणि त्याला समोरासमोर प्रश्न विचारण्याचा हक्क, ज्याला न्यायालयाच्या भाषेत उलटतपासणी म्हणतात, तो ज्या समाजाला ठाऊकच नव्हता त्या समाजात ही कायद्याची पदवीधर गेली. आणि पुढे राज्यकर्त्यांनी तोच हक्क तिला स्वतःलाही वारंवार नाकारला.

गोदावरी गोखले यांचा जन्म १४ ऑगस्ट १९०७ रोजी पुण्यात एका सुखवस्तू घरात झाला. वडील लक्ष्मणराव गोखले नामांकित वकील होते. फर्ग्युसन महाविद्यालयात अर्थशास्त्र आणि राज्यशास्त्राचे शिक्षण घेतल्यावर त्यांनी कायद्याची परीक्षा दिली. महाराष्ट्रातील कायद्याच्या पहिल्या महिला पदवीधर असा त्यांचा उल्लेख केला जातो. वडिलांचा व्यवसाय चालवायला घरातच वारस तयार झाला, असे कोणालाही वाटले असते. पण मुलीचे लक्ष कायदेभंगाच्या चळवळीकडे होते. १९३२ साली त्यांना तुरुंगवास झाला. वडिलांना हे रुचले नाही. मुलीने घर सोडले आणि मुंबई गाठली.

गोपाळ कृष्ण गोखले यांनी १९०५ साली स्थापन केलेल्या भारत सेवक समाजाच्या त्या पहिल्या महिला आजीव सदस्य झाल्या. साक्षरतेची मोहीम, घरकाम करणाऱ्या बायकांची संघटना, ठाणे जिल्ह्यातील शेतकऱ्यांमध्ये काम, अशी त्यांची वाट पुढे सरकत गेली. याच समाजात शामराव परुळेकर होते. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या स्वतंत्र मजूर पक्षातर्फे ते १९३७ साली मुंबई प्रांताच्या विधिमंडळात निवडून गेले होते आणि खोतीविरोधी लढ्यात अग्रभागी होते. १९३९ साली गोदावरी आणि शामराव यांचा विवाह झाला. दोघेही कम्युनिस्ट पक्षात गेले आणि समाजाचे सदस्यत्व सुटले. युद्धविरोधी आंदोलनामुळे १९४० ते १९४२ हा काळ तुरुंगात गेला. सुटका झाल्यावर दोघांनी किसान सभेचे काम हाती घेतले.

आज बोईसर म्हटले की तारापूरची औद्योगिक वसाहत आणि १९६९ साली सुरू झालेले अणुऊर्जा केंद्र डोळ्यांसमोर येते. ऐंशी वर्षांपूर्वी या पट्ट्याचा व्यापार गवताचा आणि इमारती लाकडाचा होता. डोंगरउतारावरचे गवत कापायचे, सुकवायचे, त्याच्या गंजी रचायच्या आणि गासड्या बांधून रेल्वेने मुंबईच्या तबेल्यांना पाठवायच्या. हे सारे कष्ट वारल्यांचे आणि इतर आदिवासींचे. गवत मात्र जमीनदाराचे. जमीनही एकेकाळी ज्याची होती त्याच्याकडे उरली नव्हती. मुलाच्या लग्नासाठी थोडे पैसे उचलले की तो मुलगा आणि त्याची बायको सावकाराच्या घरी राबायला बांधली जात. त्याला लग्नगडी म्हणत. कर्ज किती, फिटले किती, व्याज किती, हे सावकाराच्या वहीत लिहिलेले असे. खाली अंगठा असे. त्या वहीला प्रश्न विचारण्याची कोणाची छाती नव्हती.

ही वस्तुस्थिती सरकारला ठाऊक नव्हती असे मुळीच नाही. १९३० च्या दशकाच्या अखेरीस सिमिंग्टन या सनदी अधिकाऱ्याने आदिवासी भागाची पाहणी करून जो अहवाल दिला, त्यात जमीनदारांच्या जुलमाचे वर्णन आहे. अहवाल सरकारदप्तरी जमा झाला. वेठ तशीच सुरू राहिली.

जानेवारी १९४५ मध्ये टिटवाळ्याला किसान सभेचे प्रांतिक अधिवेशन भरले. उंबरगाव तालुक्यातून, म्हणजे आजच्या तलासरीच्या बाजूने, मोजके वारली तेथे पोहोचले. त्यांत झरी गावचे माह्या धांगडा होते. ते परुळेकर दांपत्याला आपल्या मुलखात घेऊन गेले. गोदूताई पाड्यापाड्यांतून पायी हिंडू लागल्या, झोपड्यांतून राहू लागल्या. २३ मे १९४५ रोजी झरीला सभा झाली आणि हजारो आदिवासी जमले. वेठ करायची नाही, लग्नगडी म्हणून राबायचे नाही, शेतावरच्या कामाला बारा आणे रोजापेक्षा कमी घ्यायचे नाही आणि मारहाण सोसायची नाही, असे ठरले. त्यानंतरच्या आठवड्यांत जथे सावकारांच्या वाड्यांवर जाऊन लग्नगड्यांना मोकळे करू लागले. वारली माणूस जमीनदाराच्या ओसरीपुढे ताठ उभा राहून जाब विचारतो आहे, हे दृश्य तोवर त्या भागाने पाहिले नव्हते. कोर्टाबाहेरची ती पहिली उलटतपासणी होती, असे म्हटले तर फारशी अतिशयोक्ती होणार नाही.

पावसाळा सरला आणि गवताचा हंगाम आला. पाचशे पौंड गवत कापायला अडीच रुपये द्यावेत अशी मागणी झाली. जमीनदारांनी नकार दिला. गवत तसेच उभे राहिले. आणि मग १० ऑक्टोबर १९४५ चा दिवस उजाडला.

गोदूताई तलवाड्याला सभा घेणार आहेत, त्यांच्या जिवाला धोका आहे, सर्वांनी काठ्यालाठ्या घेऊन यावे, असा निरोप पाड्यांतून फिरला. निरोप खोटा होता. गोदूताई तिकडे येणारच नव्हत्या. आपल्या बाईला वाचवायला हजारो आदिवासी धावत आले आणि हलायला तयार होईनात. पोलिसांनी गोळीबार केला. जेठ्या गांगड यांच्यासह पाच जण ठार झाले. निरोप जमीनदारांच्या माणसांनी पेरला, असे किसान सभेचे म्हणणे. वारली हिंसक झाले असून त्यांना चिथावणी दिली जात आहे, हे जमीनदारांचे गाऱ्हाणे. या घटनेचा सगळा आधार एका निरोपावर होता. तो कोणी सांगितला, कोणाकडून ऐकला, केव्हा ऐकला, एवढे तीन साधे प्रश्न एखाद्या न्यायालयात कोणा साक्षीदाराला विचारले गेले असते, तर बराच उलगडा झाला असता. ऐकीव गोष्ट पुरावा म्हणून सहसा का स्वीकारत नाहीत, याचे तलवाड्याहून बोलके उदाहरण सापडणे कठीण.

येथे उलटतपासणीविषयी थोडे सांगणे आवश्यक आहे, कारण चित्रपटांनी त्याची केवळ आरडाओरड करून टाकली आहे. १८७२ च्या पुरावा कायद्याने साक्षीची तीन अंगे ठरवली. ज्या पक्षाने साक्षीदार बोलावला तो आधी प्रश्न विचारतो, ती सरतपासणी. मग विरुद्ध पक्ष विचारतो, ती उलटतपासणी. त्यानंतर गरज पडल्यास फेरतपासणी. सरतपासणीत एरवी मना असलेले सूचक प्रश्न उलटतपासणीत चालतात. साक्षीदाराने पूर्वी पोलिसांना काय सांगितले होते आणि आता काय सांगतो आहे, यातली विसंगती दाखवता येते. त्याचे आरोपीशी वैर आहे काय, तो खरेच घटनास्थळी होता काय, अंधारात त्याला किती दिसले, हे तपासता येते. पोलिसांनी नोंदवलेला जबाब हा स्वतः पुरावा नसतो, त्याचे कारणही हेच. शपथेवर, आरोपीच्या समोर, प्रश्नांना तोंड देऊन जे टिकते ते न्यायालय जमेस धरते. १ जुलै २०२४ पासून जुन्या कायद्याची जागा भारतीय साक्ष्य अधिनियमाने घेतली. हा क्रम मात्र तोच राहिला.

हक्क कागदावर असणे आणि तो वापरता येणे यांत अंतर असते. चाळीसच्या दशकात जंगलपट्टीतून धरून आणलेल्या वारल्याच्या बोलीपासून न्यायालयाची भाषा फार दूर होती. वकील करायला पैसे नव्हते. गरीब आरोपीला सत्र न्यायालयात सरकारी खर्चाने वकील देण्याची तरतूद सर्वत्र लागू झाली ती १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने, आणि मोफत विधी साहाय्याचा उल्लेख राज्यघटनेत आला १९७६ साली. त्याआधीच्या आरोपीने साक्षीदाराला काय विचारायचे आणि कोणत्या शब्दांत?

तरीही खटला म्हणजे निदान एक रिंगण होते. आरोप उघड असे, आरोप करणारा समोर असे. हद्दपारीत तेही उरत नाही. १९४६ साली पुन्हा संप झाला. जंगलकामाला सव्वा रुपया रोज मिळावा ही मागणी होती. प्रांतात तोवर काँग्रेसचे मंत्रिमंडळ आले होते. बाळ गंगाधर खेर मुख्यमंत्री आणि मोरारजी देसाई गृहमंत्री होते. कम्युनिस्ट मंडळी आदिवासींना भडकावून कायदा हाती घ्यायला लावत आहेत, अशी सरकारची भूमिका होती. परुळेकर दांपत्याला आणि इतर कार्यकर्त्यांना जिल्हाबंदी झाली. ज्या सरकारातली माणसे स्वतः इंग्रजांच्या स्थानबद्धतेत वर्षानुवर्षे राहून आली होती, त्यांनीच हे हत्यार उचलावे, हा इतिहासातला खटकणारा भाग आहे. जानेवारी १९४७ मध्ये पालघर तालुक्यात, बोईसरच्या पूर्वेकडील नानिवली येथे पोलिसांनी पुन्हा गोळीबार केला आणि आदिवासींचे बळी गेले. गोदूताई त्या वेळी जिल्ह्यात कायदेशीरपणे पाऊलही टाकू शकत नव्हत्या.

स्वातंत्र्य आले, राज्यघटना आली. हद्दपारी मात्र गेली नाही. १९५१ च्या मुंबई पोलीस कायद्याच्या छप्पन्नाव्या कलमात तिला पक्के घर मिळाले. एखाद्या माणसाच्या वागण्याने लोकांच्या जीविताला किंवा मालमत्तेला धोका आहे आणि साक्षीदार भीतीपोटी त्याच्याविरुद्ध उघडपणे साक्ष द्यायला तयार नाहीत, असे अधिकाऱ्याचे मत झाले, तर त्याला दोन वर्षांपर्यंत जिल्ह्याबाहेर घालवता येते. त्याला आरोपांचे सर्वसाधारण स्वरूप लेखी कळवावे लागते, आपले म्हणणे मांडण्याची, वकील देण्याची, स्वतःचे साक्षीदार आणण्याची संधी द्यावी लागते. पण त्याच्याविरुद्ध ज्यांनी सांगितले त्यांची नावे त्याला कळत नाहीत. मग उलटतपासणी करायची कोणाची?

हाच प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे गेला. १९५२ साली मुंबई शहरातील एका हद्दपारीच्या प्रकरणात न्यायालयाने जुन्या पोलीस कायद्यातील तशीच तरतूद वैध ठरवली. साक्षीदार भीतीने पुढे येत नाहीत म्हणूनच हा कायदा आहे. त्यांची उलटतपासणी होऊ दिली तर कायद्याचा हेतूच फसेल, असा त्यामागचा विचार होता. १९५६ साली आलेल्या दुसऱ्या प्रकरणात प्रतिवादी होते खुद्द ठाण्याचे जिल्हा दंडाधिकारी. ज्या जिल्ह्यातून दहा वर्षांपूर्वी गोदूताईंना घालवले, त्याच जिल्ह्यातून निघालेल्या हद्दपारीच्या हुकमावर त्या वेळी शिक्कामोर्तब झाले आणि १९५१ च्या कायद्याचे छप्पन्नावे कलम घटनेच्या कसोटीवर टिकले.

न्यायालयाचा युक्तिवाद झटकून टाकण्याजोगा नाही. साक्षीदाराची भीती खरी असते. गुंडाच्या विरोधात उभे राहणाऱ्या दुकानदाराला रात्री त्याच गल्लीत झोपायचे असते. पण डहाणू-तलासरीच्या इतिहासात नेमके उलटे चित्रही दिसते. झाडाला बांधून फटके खाल्लेला लग्नगडी सावकाराविरुद्ध साक्ष द्यायला घाबरत होता, म्हणून त्या सावकाराला कोणी कधी जिल्ह्याबाहेर घालवले नाही. भीती दोन्हीकडे होती. हुकूम एकाच दिशेने निघाले.

तो कायदा आता महाराष्ट्र पोलीस कायदा या नावाने ओळखला जातो. प्रस्तावाला गोपनीय जबाब जोडले जातात, साक्षीदाराच्या नावाऐवजी अ, ब अशी अक्षरे असतात. निवडणुका किंवा सण जवळ आले की तडीपारीचे प्रस्ताव वाढतात, हे पोलीस ठाण्यात बातमीसाठी जाणाऱ्या कोणालाही ठाऊक असते. जानेवारी २०२२ मध्ये जालना जिल्ह्यातील एक हुकूम रद्द करताना सर्वोच्च न्यायालयाने, हा असाधारण उपाय असून देशात मुक्तपणे वावरण्याच्या मूलभूत हक्कावर तो घाला घालतो, म्हणून तो क्वचितच वापरावा, असे बजावले. नावे झाकण्याची मुभा मात्र शाबूत आहे.

हद्दपारीहून कठोर असते ती प्रतिबंधक स्थानबद्धता. गोदूताईंच्या वाट्याला तीही आली. १९५० च्या प्रतिबंधक स्थानबद्धता कायद्याला सर्वोच्च न्यायालयात पहिले आव्हान दिले ते ए. के. गोपालन यांनी, जे पुढे अखिल भारतीय किसान सभेचे नेते म्हणून गोदूताईंचे सहकारी होते. अटकेची कारणे न्यायालयालासुद्धा सांगू न देणारे कलम तेवढे रद्द झाले, बाकी कायदा टिकला. घटनेच्या बाविसाव्या कलमाने स्थानबद्धाला सल्लागार मंडळ दिले. आपल्या पसंतीच्या वकिलाचा जो हक्क सामान्य आरोपीला दिला तो त्याला दिला नाही. पन्नाशीच्या सुरुवातीची वर्षे परुळेकर दांपत्याने गजाआड काढली. १९५७ साली शामराव ठाण्यातून लोकसभेवर निवडून गेले. ज्या जिल्ह्यात यायला बंदी होती, त्याच जिल्ह्याने त्यांना दिल्लीला पाठवले.

१९६२ साली चीनशी युद्ध झाले, आणीबाणी पुकारली गेली आणि भारत संरक्षण नियमांखाली कम्युनिस्टांची धरपकड झाली. त्या वेळी राष्ट्रपतींच्या आदेशाने स्थानबद्धांना मूलभूत हक्कांसाठी न्यायालयाचे दार ठोठावण्याचीही मनाई झाली. युद्ध संपले तरी आणीबाणी उठली नाही. धरपकडीच्या पुढच्या लाटेत पती-पत्नी दोघेही पुन्हा आत गेले. ३ ऑगस्ट १९६५ रोजी शामरावांचे तुरुंगातच हृदयविकाराने निधन झाले. ते कोणत्याही गुन्ह्यात दोषी ठरलेले नव्हते. ज्या संशयावरून त्यांना ठेवले होते, तो संशय घेणाऱ्याला एकही प्रश्न विचारला गेला नव्हता. गोदूताई तेव्हा बंदिवासातच होत्या. त्यांच्या तुरुंगवासाची एकूण बेरीज आठ वर्षांची भरते आणि त्यांच्या तुरुंगाच्या आठवणींच्या पुस्तकाचे नावही ‘बंदिवासाची आठ वर्षे’ असेच आहे.

एकट्या पडलेल्या गोदूताई पुण्या-मुंबईला परतल्या नाहीत. १९६० साली द्विभाषिक राज्य मोडले तेव्हा उंबरगाव गुजरातेत गेले, तलासरीचा भाग महाराष्ट्रात राहिला. तेथे १९६१ साली त्यांनी आदिवासी प्रगती मंडळ स्थापन केले होते. वसतिगृह आणि शाळा उभी राहिली. ज्यांच्या आजोबांचा अंगठा सावकाराच्या वहीत होता, ती मुले सही करू लागली. तलासरीच्या महाविद्यालयाला आज गोदूताईंचे आणि शामरावांचे नाव आहे.

१९७० साली ‘जेव्हा माणूस जागा होतो’ हे त्यांचे पुस्तक प्रसिद्ध झाले. १९७२ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्याला मिळाला. ज्यांची साक्ष कधी न्यायालयाच्या दप्तरात नीट नोंदली गेली नाही, त्यांची साक्ष या पुस्तकात आहे. माणसे, गावे, मजुरीचे दर, मारहाणीचे प्रकार, सारे तपशील कायदा शिकलेल्या माणसाच्या नेटकेपणाने मांडलेले आहेत. पुस्तकाला साहित्य म्हणून गौरव मिळाला. पुरावा म्हणून ते वाचले तरी टिकते.

१९८६ साली त्या अखिल भारतीय किसान सभेच्या अध्यक्ष झाल्या. त्या पदावर आलेल्या त्या पहिल्या महिला. ८ ऑक्टोबर १९९६ रोजी त्यांचे निधन झाले. वय एकोणनव्वद होते. दोनच दिवसांनी तलवाड्याच्या गोळीबाराला एक्कावन्न वर्षे पूर्ण व्हायची होती.